कुंडलचें प्रतिसरकार व त्याचें दप्तर

सातारा जिल्ह्यांत १९४३ ते १९४६ या काळांत जें प्रतिसरकार चाललें, त्याविषयीं आजवर पुष्कळ लिहिलें गेलें आहे. त्यांतील पराक्रमाचा भाग सर्वश्रुत असून तो पुनः सांगण्याचा आमचा हेतु नाहीं. आम्हांस येथें विचार करावयाचा आहे तो निराळ्या प्रश्नाचा. ज्या मंडळीनें तीन वर्षें शेंकडों गांवांत भांडणें तोडलीं, दरोडेखोरांचा बंदोबस्त केला, लग्नें लावलीं, सरकारी खजिना लुटून तो चळवळीच्या कामीं लावला व परक्या सरकारच्या फौजदारास गांवांत पाय ठेवणें अवघड केलें, त्या मंडळीचें दप्तर कोठें आहे? शिवकालीन देशमुखाच्या घरीं निदान एखादा महजर सांपडतो. पेशवाईंतल्या सामान्य कुळकर्ण्याच्या माळ्यावर रुमाल निघतो. मग कालपरवांच्या या राज्याचा कागद इतका दुर्मिळ कां? हा प्रश्न केवळ संग्राहकाच्या हौसेचा नाहीं. एका पक्षाचा कागद नसला म्हणजे दुसऱ्या पक्षानें लिहिलें तेंच खरें ठरूं लागतें. आणि या प्रकरणीं दुसरा पक्ष म्हणजे या लोकांस दरोडेखोर ठरविणारें पोलिसखातें होय.

प्रथम स्थळाचा विचार करूं. कुंडल आज सांगली जिल्ह्यांत, पलूस तालुक्यांत आहे. डोंगराच्या पायथ्याशीं वसलेलें हें जुनें गांव. पार्श्वनाथाचें क्षेत्र म्हणून जैनांस तें फार पूर्वींपासून परिचित. सांगली जिल्हा मात्र अलीकडचा. १९४९ सालीं जुन्या साताऱ्याचे दोन भाग होऊन दक्षिण सातारा जिल्हा निघाला व १९६० सालीं त्यास सांगली हें नांव मिळालें. म्हणून १९४२ च्या कागदांत 'सातारा' असें येईल तेथें आजचे दोनहि जिल्हे समजावे लागतात. परंतु कुंडल त्या जुन्या ब्रिटिश साताऱ्यांतहि नव्हतें. तें औंध संस्थानचें गांव. पंतप्रतिनिधींचें हें संस्थान अवघें ७२ गांवांचें, आणि तींहि एका ठायीं नव्हेत. औंध, आटपाडी, कुंडल आणि विजापुराकडील गुणदाळ असे त्याचे तुकडे ब्रिटिश मुलखांत व शेजारच्या संस्थानांत विखुरलेले होते. सांगली, मिरज, जत हीं संस्थानें तशींच जवळ. या मुलखांत चार कोस चालावें तों राज्य बदले, फौजदार बदले आणि वॉरंटाचा अंमलहि बदले. ज्याच्या मागें पोलिस आहेत अशा माणसास याहून सोयीची भूमि क्वचित् मिळेल.

दुसरें असें कीं, या संस्थानांत कारभाराचा एक प्रयोग आधींच झाला होता. राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनीं १९३९ सालीं गांधीजींच्या सल्ल्यानें तयार झालेली राज्यघटना प्रजेस दिली व गांवपंचायतींच्या हातीं बराच अधिकार सोंपविला. पुढें भूमिगतांनीं जीं न्यायदान मंडळें काढलीं, त्यांचें मूळ शोधतांना लेखक बहुधा काँग्रेसच्या शिबिरांकडे किंवा सत्यशोधक चळवळीकडे पाहतात. तीं दोनहि मुळें खरीं. परंतु कुंडलच्या रयतेनें आपल्याच पंचांपुढें उभें राहून न्याय मागण्याची रीत प्रतिसरकाराच्या तीनचार वर्षें आधीं पाहिली होती, ही गोष्ट आमच्या मतें हिशोबांत धरली पाहिजे. प्रतिनिधींच्या मुलखांत प्रतिसरकार निघावें, हा शब्दाचा योग तर गमतीचा आहेच.

तिसरी गोष्ट रेल्वेची. कुंडलरोड स्टेशनाजवळ १९१० सालीं किर्लोस्करवाडी वसली. त्यामुळें नांगराचा कारखाना, शिकलेले कामगार, छापखाना आणि पुणें-मिरज लोहमार्ग इतक्या गोष्टी एका खेड्याच्या वेशीपाशीं आल्या. शेतकऱ्याच्या पोराला आगगाडीचें वेळापत्रक तोंडपाठ असणें ही त्या काळांत सामान्य गोष्ट नव्हे. पुढील हकीकत समजण्यास ही माहिती उपयोगी पडते.

घटनाक्रम थोडक्यांत असा. ऑगस्ट १९४२ च्या ठरावानंतर जिल्ह्यांत प्रथम निघाले ते निःशस्त्र मोर्चे: २४ ऑगस्टला कऱ्हाड, ३ सप्टेंबरला तासगांव. तासगांवीं कचेरीवर निशाण लागलें व मामलेदारानें गांधी टोपी घातली. मग सरकार सावध झालें. ९ सप्टेंबरला वडूज येथें गोळीबार होऊन परशुराम घार्गे प्रभृति माणसें पडलीं. दुसऱ्याच दिवशीं इस्लामपुरास किर्लोस्करवाडीचे एंजिनीअर उमाशंकर पंड्या व विष्णु बारपटे हे मारले गेले. या दोन दिवसांनीं मोर्चांचा काळ संपला. पुढारी भूमिगत झाले, तारा तुटूं लागल्या, चावड्या जळूं लागल्या. आणि १९४३ च्या मध्यास या विखुरलेल्या टोळ्यांचें प्रतिसरकारांत रूपांतर झालें. वाळवें, कुंडल इत्यादि गट आपापल्या टापूंत स्वतंत्रपणें वागत. एकमेकांस माणसें, हत्यारें व आसरा पुरवीत. कुंडलास तुफान सेना उभी राहिली, तिचे फील्डमार्शल गणपति दादा लाड ऊर्फ जी. डी. बापू व कॅप्टन रामचंद्र श्रीपति लाड, दोघेहि कुंडलचेच. १९४४ च्या मे महिन्यांत गांधीजी सुटले व त्यांनीं भूमिगतांस प्रकट होण्याचा सल्ला दिला. बंगालच्या तामलुक येथील राष्ट्रीय सरकारानें त्या सुमारास आपला कारभार आवरला. साताऱ्यानें आवरला नाहीं. १९४६ सालीं मुंबईस पुनः काँग्रेसचें मंत्रिमंडळ आलें, तेव्हांच हे लोक उघड झाले.

आतां नांवाचा प्रश्न. 'प्रतिसरकार' हें सुशिक्षितांनीं दिलेलें नांव. गांवकऱ्यांच्या तोंडीं 'पत्री सरकार' हेंच रुळलें आहे. पत्री म्हटल्यावर शहरांतल्या माणसास गणपतीची पत्री आठवेल. येथें अर्थ निराळा. बैलाच्या खुरास झीज लागूं नये म्हणून जो लोखंडी पत्र्याचा नाल मारतात, त्यास या भागांत पत्री म्हणतात. खबऱ्यांच्या व गुंडांच्या तळपायांस हे लोक पत्री ठोकतात, अशी बातमी पसरली आणि तिच्यावरून नांव पडलें. 'प्रति' या अनोळखी उपसर्गाचा 'पत्री' हा ओळखीचा शब्द होणें ही उच्चाराची वाट तर सोपीच होती. चळवळींतील पुष्कळांनीं पुढें सांगितलें तें असें कीं, शिक्षा होई ती तळपायांवर काठीनें मारण्याची. मार खाल्लेला इसम कित्येक दिवस नाल मारलेल्या बैलासारखा चाले, आणि त्यावरून लोकांनीं पत्रीची कल्पना उठविली. सरकारास ही अफवा हवीच होती, कारण तिच्यामुळें चळवळीचें क्रौर्य सिद्ध होई. चळवळीसहि ती नको होती असें नाहीं, कारण तिच्यामुळें खबरे गप्प बसत. उभय पक्षांस सोयीची असलेली अफवा इतिहासांत फार दिवस टिकते. येवढें मात्र स्पष्ट म्हटलें पाहिजे कीं काठी खोटी नव्हती. फितुरांचे जीवहि गेले. प्रतिसरकाराच्या चरित्रांतून हा भाग गाळणारे लेखक त्याचा उपकार करीत नाहींत. जो कारभार निवाडा देतो तो शिक्षाहि देतो, आणि कोणत्या अपराधास किती शिक्षा दिली याचा कागद नसल्यावर दंतकथा माजावयाचीच.

मग कागद कां नाहीं? याचें उत्तर आमच्या प्रांतांतील जुन्या बंडांच्या इतिहासांत सांपडतें. उमाजी नाईकांचें चरित्र आज जें मिळतें, तें मुख्यतः त्यांचा पाठलाग करणाऱ्यांपैकीं कॅप्टन मॅकिंटॉश यानें रामोशी लोकांविषयीं लिहिलेल्या आणि १८३३ सालीं छापलेल्या ग्रंथावरून. शत्रूनें लिहिलें म्हणून तें त्याज्य ठरत नाहीं. पण त्यांत नाईकाचा आवाज शत्रूच्या तोंडून ऐकूं येतो. वासुदेव बळवंत फडके यांनीं १८७९ सालीं बंड केलें तेव्हां स्वतःच्या हातानें रोजनिशी व आत्मवृत्त लिहून ठेवलें. इतिहासास तें धन झालें, परंतु खटल्यांत सरकारनें तेंच पुराव्यादाखल पुढें केलें. कुंडल-वाळव्याच्या पोरांनीं हे दोनहि दाखले वाचले होते असें आम्ही म्हणत नाहीं. पण पोलिसांच्या झडतींत एक चिठ्ठी सांपडली तर चिठ्ठींतल्या सर्वांची धरपकड होते, हें समजण्यास ग्रंथ वाचावा लागत नाहीं. म्हणून निरोप तोंडीं जात. रामापूरचे गणपति बाळा यादव यांच्यासारखे निरोप्ये कधीं पायीं, पुढें सायकलवर, जेवणाचीं गांठोडीं आणि बातम्या एकदमच पोंचवीत. गांठोडें उघडून पाहतां येतें. माणसाच्या डोक्यांतला निरोप पाहतां येत नाहीं.

या बाबतींत आम्हांस विशेष अर्थपूर्ण वाटतें तें नाना पाटलांचें पूर्ववृत्त. १९०० सालीं जन्मलेले येडेमच्छिंद्रचे हे गृहस्थ प्रथम तलाठी होते. १९३० च्या कायदेभंगांत त्यांनीं ती नोकरी सोडली. तलाठ्याइतकी कागदाची ताकद खेड्यांत दुसऱ्या कोणास ठाऊक असते? पिकाची नोंद, खातेफोड, कर्जाचा बोजा, एका ओळीनें शेतकरी उभा राहतो आणि एका ओळीनें बुडतो. प्रतिसरकारानें सावकारांकडून जमिनी सोडवून दिल्या व गहाणाचे कज्जे मिटविले, त्यांत लोकांच्या पाठबळाइतकाच या माहितीचाहि वांटा असला पाहिजे. अशा माणसानें चव्वेचाळीस महिने भूमिगत राहून एकदांहि पकडलें न जाणें, याचें श्रेय भाविक लोक दैवास देतात. आम्ही तें कागद न ठेवण्याच्या शिस्तीस व गांवकऱ्यांच्या मौनास देऊं.

निवाड्यांचेंहि तसेंच. आमच्या वाचकांस गोतसभा व महजर यांची ओळख करून देण्याची आवश्यकता नाहीं. जुन्या गोतसभेंत वादीप्रतिवादी राजीनामे लिहून देत, साक्षी होत, निवाडपत्रावर नांगर, तराजू, कट्यार अशा निशाण्या पडत, आणि जिंकणारा तो कागद पिढ्यान् पिढ्या जपून ठेवी. कारण पुढें तोच त्याचा हक्क. प्रतिसरकाराचीं न्यायदान मंडळें बाहेरून पाहतां गोतसभेसारखींच: गांवचे पंच, उघडी सभा, झटपट निकाल, खर्च शून्य. परंतु येथें कागदाचा अर्थ उलटा झाला होता. या निवाड्याचा कागद जवळ बाळगणें म्हणजे बेकायदा सरकार मान्य केल्याचा पुरावा स्वतःच्या घरांत ठेवणें. जो जिंकला त्यासहि तो नकोसा. हक्काचा आधार कागद नसून ज्या लोकांदेखत निकाल झाला त्यांची आठवण हा होता. दोन्ही संस्थांचें साम्य दाखविणारे लेखक हा भेद विसरतात. वस्तुतः संशोधकास तोच महत्त्वाचा. गांधी-विवाहांची गोष्टहि याच जातीची. हार, चार शब्दांचें भाषण आणि जमलेल्या मंडळींस थोडें गोडधोड, येवढ्यांत लग्न उरके. हुंडा नाहीं, याद नाहीं, आहेराची यादी नाहीं. मराठ्यांच्या घरांतून लग्नखर्चाच्या याद्यांवरून सामाजिक इतिहास काढणाऱ्या संशोधकाच्या हातीं येथें कांहींच लागावयाचें नाहीं, आणि खर्च न होणें हाच तर त्या विवाहाचा मुद्दा!

शत्रुपक्षाचे कागद मात्र विपुल आहेत: मुंबई सरकारच्या गृहखात्याच्या विशेष शाखेचे, जिल्ह्याच्या कलेक्टराचे, पोलिसांचे. ते वाचतांना दोन खोडी ध्यानांत ठेवाव्या. पहिली, शब्दांची. ७ जून १९४३ रोजीं शेणोलीजवळ रुळांवर दगड रचून पुणें-मिरज गाडी थांबविली व तींतून नेण्यांत येणारा सरकारी नोकरांचा पगार काढून घेतला. पोलिसांच्या भाषेंत हा दरोडा. कॅप्टन लाड अखेरपर्यंत सांगत कीं, लुटलेला पैसा आम्हीं परत आणला. पुढें १४ एप्रिल १९४४ रोजीं खानदेशांत, धुळ्याहून नंदुरबारकडे जाणारा सरकारी खजिना चिमठाणें येथें अडविण्यांत आला. साडेपांच लाखांच्या सुमाराची रक्कम हातीं आली. साताऱ्याचीं पोरें इतक्या दूर गेलीं तीं तिकडील डॉ. उत्तमराव पाटील व लीलाताई पाटील यांच्या साहाय्यावर. दरोडा कीं खजिना, हा वाद शब्दकोशाचा नाहीं. पैसा पुढें कोठें गेला याचा आहे. लुटींतला पैसा स्वतःच्या घरीं नेणारास दरोडेखोर म्हणावें. हत्यारें, भूमिगतांचें पोट व हुतात्म्यांचे संसार यांवर तो लागला असेल तर शब्द बदलावा लागेल. गोव्याच्या पोर्तुगीज हद्दींतून हत्यारें येत, हें उघड आहे. जमाखर्चाची वही नसल्यामुळें पै-पैचा ताळा लागत नाहीं. पण ज्या घरांतले लोक या लुटींत होते तीं घरें पुढें कोणत्या स्थितींत राहिलीं, हें गांवानें पाहिलें आहे, आणि तोहि एक पुरावा आहे.

दुसरी खोड नायकाची. पोलिसांस प्रत्येक बंडाला एक डोकें हवें असतें, म्हणजे तें उडविलें कीं काम झालें. त्यामुळें त्यांच्या कागदांत सर्व कांहीं नाना पाटलांच्या नांवावर जमा होतें. वस्तुस्थिति निराळी दिसते. नाना बेचाळिशीचे, लोकांत त्यांचा शब्द मोठा, वक्तृत्व अस्सल गांवरान. परंतु बापू लाड, रामचंद्र लाड, वाळव्याचे नागनाथअण्णा नायकवडी हे तिघेहि १९२२ च्या सालचे, म्हणजे बेचाळिसांत विशींतले. कोठें जावयाचें, कोणती गाडी अडवावयाची, कोणास शिक्षा करावयाची, हें गटागटांत या वयाचीं पोरें ठरवीत. नागनाथअण्णा पकडले गेले. १० सप्टेंबर १९४४ रोजीं साताऱ्याच्या तुरुंगांतून त्यांनीं उडी टाकली. १९४५ च्या फेब्रुवारींत किसन अहीर व नानकसिंग पोलिसांशीं झालेल्या चकमकींत पडले. इतकें होऊनहि कारभार बंद पडला नाहीं, याचें कारण तो एका डोक्यावर उभाच नव्हता. गेल ऑम्व्हेट यांनीं व प्रा. आ. भा. शिंदे यांनीं या चळवळीचा जो अभ्यास केला, त्यानंतर तरी 'नाना पाटलांचें सरकार' हा शब्दप्रयोग जपून करावा.

बंडाच्या पुढाऱ्यांचा अभ्यास कागदांवरून कसा होतो, याचे ताजे दाखले आजच्या जिहादी संघटनांनीं दिले आहेत. आरंभींच सांगतों कीं, बाजारांतल्या व प्रवासांतल्या निरपराध माणसांस जाणूनबुजून मारणारे ते, आणि कुंडलकर, यांचें गोत्र एक नव्हे. आम्ही ताडून पाहतों तें केवळ दप्तर. २ मे २०११ रोजीं अबोटाबाद येथें ओसामा बिन लादेन मारला गेला तेव्हां त्याच्या घरांतून पत्रव्यवहाराचा मोठा सांठा निघाला, व त्यांतील कांहीं पत्रें पुढच्याच वर्षीं अमेरिकेंत प्रसिद्ध झालीं. जगाला जो सर्वसत्ताधीश वाटत होता, तो या पत्रांत आपल्या दूरच्या शाखांच्या अविचारानें मुसलमानच मरतात म्हणून हळहळणारा, आणि त्या शाखांवर पुरतें नियंत्रण नसलेला पुढारी दिसतो. मालींतील टिंबक्टु शहर २०१२ सालीं अशाच एका संघटनेच्या हातीं गेलें. २०१३ च्या जानेवारींत फ्रेंच फौजेपुढें ते लोक पळाले, तेव्हां मागें राहिलेल्या कागदांत शंभरांवर पावत्या निघाल्या: वाणसामान, दुरुस्ती, किरकोळ खर्च. एका सरदारानें हिशोब वेळेवर पाठविला नाहीं म्हणून त्यास वरिष्ठांनीं लिहिलेलें खरमरीत पत्रहि निघालें. पेशव्यांच्या फडावर काम केलेल्या कोणाहि कारकुनास हें पत्र ओळखीचें वाटलें असतें. मात्र याच लोकांनीं जातां जातां तेथील अहमद बाबा संस्थेंतील ४००० हून अधिक हस्तलिखितें नष्ट केलीं. टिंबक्टुच्या ग्रंथरक्षकांनीं बाकीचीं बहुतेक पोथ्यापुस्तकें आधींच पेट्यांत भरून चोरवाटेनें बामाकोस हलविलीं होतीं, म्हणून तीं वांचलीं. संग्राहकांनीं ही हकीकत मुद्दाम वाचावी.

मोसूल शहर २०१४ ते २०१७ 'इस्लामिक स्टेट' या संघटनेच्या ताब्यांत होतें. तेथेंहि करांचे, जमिनींचे, निवाड्यांचे कागद ढिगांनीं सांपडले. तालिबानांनीं तर आपल्या लढवय्यांसाठीं छापील नियमावल्या काढल्या होत्या. या सर्वांचा अर्थ आम्ही असा लावतों: ज्या पुढाऱ्याचा अधिकार शपथेवर, म्हणजे अमीराशीं केलेल्या बैअतीवर, उभा असतो आणि ज्याचे अनुयायी देशोदेशींचे, एकमेकांस अनोळखी असतात, त्यास कागदावांचून गत्यंतर नसतें. कोणी कोणास नेमलें, कोणी किती खर्चिलें, हें लिहिल्याशिवाय विश्वासच बसत नाहीं. कुंडलच्या गटांत भावकी, सोयरीक, तालीम व एकाच विहिरीचें पाणी हा विश्वासाचा पाया होता. त्यास नियमावली लागली नाहीं. म्हणजे कागदाचा अभाव हें अडाणीपणाचें किंवा कारभार नसल्याचें लक्षण धरणें चूक होईल. मात्र एका बाबतींत दोनहि दप्तरें, एक भरलेलें व एक रिकामें, सारखीच साक्ष देतात. तालिबानांचा मुल्ला उमर २०१३ सालीं मेला. ही गोष्ट दोन वर्षें लपविण्यांत आली आणि त्या काळांत बंड थांबलें नाहीं. एका नायकास संपविलें कीं बंड संपतें, हा पोलिसी समज तेथेंहि लटका पडला.

राहतां राहिल्या आठवणी. प्रतिसरकाराच्या इतिहासाचा मोठा आधार हाच आहे, आणि तो जपून वापरण्याजोगा आहे. स्वातंत्र्यानंतर या मंडळीच्या वाटा फुटल्या. नाना पाटील व बापू लाड शेतकरी कामगार पक्षांत गेले. नाना पुढें कम्युनिस्ट पक्षातर्फे १९५७ सालीं साताऱ्याहून व १९६७ सालीं बीडहून लोकसभेवर निवडून आले. कुंडलजवळच्या देवराष्ट्र्याचे यशवंतराव चव्हाण काँग्रेसमध्यें राहून मुख्यमंत्री झाले. त्यांचें 'कृष्णाकांठ' १९८४ सालीं निघालें. एकच घटना शे. का. पक्षाच्या कार्यकर्त्याच्या व काँग्रेसवाल्याच्या तोंडून ऐकली तर माणसें तींच असून त्यांचीं मानाचीं ठिकाणें बदललेलीं दिसतात. बखरकारांच्या बाबतींत आपण हें नेहमींच पाहतों: चिटणिसाच्या घरची बखर चिटणिसास पुढें करते. उपायहि तोच, म्हणजे तीनचार बखरी समोरासमोर ठेवून त्यांतला सामाईक भाग काढणें. स्त्रियांच्या आठवणी या कामीं विशेष उपयोगी, कारण त्यांना निवडणुकीचें तिकीट मिळवावयाचें नव्हतें. नानांच्या कन्या हौसाताई पाटील, कासेगांवच्या इंदुताई पाटणकर यांनीं सांगितलेल्या हकीकतींत कोणाच्या घरीं भाकरी झाल्या, कोण कोणत्या माळ्यावर लपलें, असा बारीक तपशील येतो. तो रचण्यांत कोणाचाच फायदा नसल्यामुळें आम्ही त्यास अधिक वजन देतों.

आयर्लंडांत या बाबतींत जें झालें तें अनुकरणीय आहे. तेथेंहि १९२० च्या सुमारास बंडखोरांनीं स्वतःचीं न्यायालयें चालविलीं होतीं. पुढें सरकारनें १९४७ ते १९५७ या दहा वर्षांत जुन्या सैनिकांच्या १७७३ जबान्या लिहून घेतल्या व त्या कुलुपांत ठेवल्या. २००३ सालीं त्या खुल्या झाल्या. जबानी देणारा हयात असेतों ती कोणी वाचणार नाहीं, या खात्रीमुळें माणसें मोकळेपणीं बोललीं. आमच्याकडे असें कुलूप कोणी लावलें नाहीं. बापू लाड २०११ सालीं, नागनाथअण्णा २०१२ सालीं, हौसाताई व गणपति यादव २०२१ सालीं आणि कॅप्टन लाड २०२२ सालीं गेले. त्या पिढींतील बहुतेक मंडळी आतां राहिली नाहींत.

तथापि काम संपलें असें समजूं नये. कुंडलपासून मिरज दूर नाहीं. तेथें बसून वासुदेवशास्त्री खरे यांनीं पटवर्धनी दप्तरांतून काय काढलें तें सर्वांस ठाऊक आहे. प्रतिसरकाराचें पटवर्धनी दप्तर नाहीं, पण कडेकडेचे कागद आहेत, आणि ते अशा ठिकाणीं असतात जेथें संग्राहक सहसा जात नाहीं. पोलिसपाटलांच्या घरचीं जुनीं बाडें. सामुदायिक दंडाची वसुली ज्यांत आहे ते हिशोब. औंध संस्थानच्या गांवपंचायतींचे कागद. सावकारानें परत केलेलें आणि कोणीतरी हौसेनें जपलेलें गहाणखत. तुरुंगांतून आलेलीं, सेन्सॉरनें काळें फांसलेलीं पत्रें. शाहीर शंकरराव निकमांसारख्यांच्या पोवाड्यांच्या वह्या. पोवाडा १९४४ सालीं गायिलेला कीं १९६० सालीं सुधारलेला, हें शाईवरून व कागदावरून ओळखण्याचें कसब आमच्या वाचकांपाशीं आहे. अण्णा भाऊ साठ्यांची 'वारणेच्या खोऱ्यांत' ही कादंबरी मात्र कादंबरी म्हणूनच वाचावी. तींतल्या प्रसंगास तारीख लावण्याचा मोह आवरावा.

असा एखादा कागद हातीं आला तर मोडी रुमालास लावतों तेच नियम त्यास लावावे. कोणाच्या घरीं, कोणत्या कागदांबरोबर, कोणत्या वस्तूंत गुंडाळलेला मिळाला तें प्रथम टिपावें. पेन्सिलीचा मजकूर गिरवूं नये. चिठ्ठीवर नुसतें 'भाऊ', 'अण्णा', 'बापू' असें असेल तर तें तसेंच उतरावें, आपल्या अजमासानें पुरें नांव घालूं नये, कारण या मुलखांत प्रत्येक गांवांत एक भाऊ व दोन अण्णा निघतात.